भंडाऱ्याखालचा स्वार

ऋताला आधी हसूच आलं होतं. तसं ते कुणालाही आलं असतं म्हणा.

जुन्या पुस्तकांची डागडुजी हे तिचं काम. झाशीच्या खंडेराव गेटजवळ राहणाऱ्या चुलतसासऱ्यांनी, आबासाहेबांनी, तिला बोलावलं होतं. त्यांच्या देव्हाऱ्यातल्या विलायती पुस्तकाला कसर लागली होती. वैशाखातली दुपार. तिची सहा वर्षांची लेक ईशा ओसरीवर भातुकली मांडून बसली होती.

पुस्तक लंडनला छापलेलं, चांगलं चारशे वर्षांचं. अर्ध्या भागात औषधी वनस्पती, पानोपानी ठशाची चित्रं. पुढच्या अर्ध्यात सरदारांनी घोड्यावर कसं बसावं, बायकांशी कसं बोलावं, शब्द कसा पाळावा. मध्ये एक चित्र: घोडेस्वार, हातात तलवार, पायाशी कुत्रा. आता हे पुस्तक हाती लागलेल्या, झाशीला आलेल्या आबासाहेबांच्या शिलेदार पूर्वजाला त्यात दुसरं कोण दिसणार? खंडोबाच! तेव्हापासून दर चंपाषष्ठीला त्याला भंडारा. तोंडावर तर हळदीचा थरच बसलेला.

आबासाहेब पन्हं करायला आत गेले आणि ऋताने मऊ ब्रशने तो थर उतरवला. खालून गोरागोमटा, बिनमिशांचा चेहरा निघाला. डोळे थेट तिच्याकडे रोखलेले. तिला ते जराही आवडलं नाही.

आबासाहेब पेले घेऊन आले, तेव्हा ती शेजारचं पान वाचत होती. तिने त्यांना थट्टेने मराठीत अर्थ सांगितला. खरा सरदार कुणाला जबरदस्तीने नेत नाही. आधी भेट देतो, मग विचारतो. समोरची हो म्हणाली की स्वतः न्यायला येतो.

आबासाहेबांचं लक्ष मात्र चित्राकडे होतं. पन्हं हातावर सांडलं, तरी त्यांना कळलं नाही.

"सूनबाई... तोंड उघडं केलंत?"

आजोबांनी मरताना एकच बजावलं होतं, ते पुटपुटले, की याचं तोंड उघडं पडू द्यायचं नाही. त्यांना आजवर ती भक्ती वाटत आली होती.

तेवढ्यात ईशा आत आली. तिच्या मुठीत एक रोप होतं, मुळांसकट. पानं हिरवीगार, गार, दव पडल्यासारखी ओली. बाहेर तापलेल्या फरशीवर पाय ठरत नव्हता आणि हिच्या हातात दव! ऋताने घाईघाईने पुस्तकातली वनस्पतींची पानं उलटली. एका पानावर नाव होतं, मजकूर होता आणि चित्राच्या जागी कोरा कागद.

"हे कुणी दिलं, बाळा?"

"घोड़ेवाले भैया ने. वो बोले, चलोगी?"

"मग... तू काय म्हणालीस?"

"हाँ बोला."

आबासाहेबांनी भंडाऱ्याची वाटी उचलली आणि मूठभर हळद चित्रावर नेली. हात तिथेच थांबला. घोडा होता, कुत्राही होता. खोगीर रिकामं होतं.

ऋताने ईशाला ओढून छातीशी कवटाळलं. कुठ्ठे नाही जायचं, आईने नाही म्हटलंय, हे ती पुन्हा पुन्हा सांगत राहिली. ईशा शांत होती. तिचा डावा हात मात्र डोक्याच्या वर ताठ उचललेला होता, एखाद्या उंच माणसाने धरावा तसा. ऋताने जोर लावून तो खाली ओढला.

वरून कुणीतरी, अगदी अदबीने, तो पुन्हा वर घेतला.