मायेस्त्रोचा उजवा कान

या, जरा जवळ सरकून बसा. आज प्रेमाची गोष्ट ऐकवायची आहे. पण हे प्रेम भीतीच्या पोटी जन्मलं, हं!

इटलीतल्या मिलानोच्या रेकॉर्डिंग स्टुडिओच्या जिन्यात, तिथल्या वाद्यवृंदातली नीवेस धावत शिरली ती थेट एका माणसावर आदळली. ओबो – आपल्या सनईची तिकडची बहीण – छातीशी धरून तिनं माफी मागितली. त्याच्या उजव्या कानाशी पुन्हा मागितली. तो ढिम्म!

"देवानं कान दिलेत की टोपी अडकवायला खुंट्या?" ती ओरडली.

तो गर्रकन वळला. चेहरा पांढराफटक.

"कुणी... कुणी सांगितलं तुम्हाला?"

तेव्हा तिनं ओळखलं. हा तर मायेस्त्रो रेमिजो! गाण्याला चाल द्यावी, वाद्यांचा साज चढवावा तो यानंच. आणि त्याचा उजवा कान... मेलेला?

"रेकॉर्ड कंपनीला कळलं तर संपलो मी, सिन्योरीना."

"ओबो वाजवणारीचे ओठ मोकळे कुठे असतात चुगली करायला?"

तो हसला. पण त्या दिवसापासून त्याची भीती तिच्याही उशाशी येऊन निजू लागली.

गायकाला तो नेहमी डावीकडे उभा करी. एखादं व्हायोलिन उजवीकडे बेसूर झालं, की समोर बसलेल्या नीवेसची भुवई उडे आणि वाद्यवृंद हाकायची त्याची काठी तिकडे रोखली जाई.

"तुमच्या भुवया फार बोलतात."

"तुमचे डोळे फार ऐकतात, मायेस्त्रो!"

पण समुद्रकाठच्या गाण्यांच्या महोत्सवात गाणाऱ्यांचा मायक्रोफोन उजवीकडेच रोवलेला. हलवणार नाही, आयोजक म्हणाले. सगळा देश रेडिओला कान लावून बसलेला.

"गायिका चुकली, तर मला कळणारसुद्धा नाही," पडद्यामागे तो म्हणाला.

"मी समोर आहे ना..." असं म्हणताना नीवेसनं गळ्यातलं, गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांची पाठराखण करणाऱ्या संत सिसिलियाचं पदक मुठीत गच्च धरलं होतं.

आणि व्हायचं तेच झालं. नवखी गायिका घाबरली, मधलं कडवं गाळून थेट शेवटच्यावर गेली. वाद्यं मागेच राहिली. रेमिजो मात्र डोळे मिटून काठी हलवतोय! भुवई उडवून काय उपयोग? नीवेसच्या पुढ्यातल्या कागदावर या जागी ओबो गप्प होता. पदरचं वाजवलं तर नोकरी जाईल. नाही वाजवलं तर... तो जाईल.

सिसिलिया माते!

तिनं श्वास भरला आणि गायिका गात होती तेच सूर ओबोतून सोडले.

रेमिजोनं डोळे उघडले. क्षणभर तिच्याकडे पाहिलं. "शेवटचं कडवं!" त्याचे ओठ हलले, काठी उंचावली, आणि सगळी वाद्यं गायिकेला जाऊन मिळाली.

टाळ्या थांबल्या, तशी नीवेस पडद्यामागे त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"तुम्ही न लिहिलेलं वाजवलं मी. काढा मला."

"काढणारच."

तो वळून उभा राहिला, असा की ती त्याच्या उजव्या हाताला आली.

"वादकांच्या रांगेतून काढतो. इथे... राहशील? कायमची?"

ती मुद्दाम त्याच मेल्या कानात काहीतरी पुटपुटली.

"काय म्हणालीस?"

"नाही ऐकू आलं? मग विचारत राहा जन्मभर..." आणि तिनं त्याचा हात धरला.

पुढे रेमिजोनं केलेल्या प्रत्येक गाण्यात गाणाऱ्याच्या आवाजामागे एक ओबो हळूच श्वास घेतो. ज्याला ऐकू येत नाही, त्याच्यासमोर देव कुणाला तरी बसवतोच. असं एखादं गाणं कानावर पडलं, तर टाळी मायेस्त्रोला द्या. पण बाबांनो, आठवण मात्र नीवेसची ठेवा.