लाल गळ्याची जोडी

"दोन्ही पक्ष्यांना लालच रेशीम घेणार का तुम्ही?"

पाठीमागून मराठी कानावर पडलं आणि मालविका दचकलीच. दोहाच्या बाजारात रहमानभाईंच्या दोरे-बटणांच्या दुकानात मराठी कोण बोलणार? तिनं वळून पाहिलं. बाहेर भुरभुर पाऊस होता. इथं वर्षातून मोजके थेंब पडतात आणि त्यांना घाबरून माणसं मिळेल त्या आडोशाला पळतात. तसाच पळत आलेला एक तरुण दुकानाच्या पायरीवर उभा होता. ओले केस, निळा शर्ट, आणि डोळ्यांत चांगलाच आगाऊपणा.

"का? लाल वाईट दिसेल?" तिनं जरा फणकाऱ्यानंच विचारलं.

"वाईट नाही हो... पण मग ते दोघंही नवरेच होतील."

काउंटरवर उशीचा अभ्रा पसरला होता. दादाच्या ऑफिसातल्या अमेरिकन कॅलेंडरवरचा हमिंगबर्ड तिनं ट्रेसिंग पेपरवर उतरवला होता. एकदा कागद सरळ ठेवून, एकदा उलटा करून... की झाली जोडी! वहिनीच्या बाळंतपणासाठी ती नाशिकहून आली तेव्हा आईनं बजावून सांगितलं होतं, दुपारी बाळ झोपलं की रुखवताचं भरतकाम करायचं. नवऱ्याचा अजून पत्ता नव्हता, पण त्याच्या उशीचे अभ्रे मात्र तयार हवे होते.

"लाल गळा फक्त नराचा," तो सांगत होता. "मादीचा गळा पांढरट असतो, आणि शेपटीच्या टोकांना पांढरे ठिपके. ट्रेनिंगला ह्यूस्टनला होतो ना, तिथं घरमालकीण खिडकीत साखरेच्या पाण्याची बाटली टांगायची. रोज चहा घेता घेता बघायचो. आणि नराचा तो लाल रंगसुद्धा ऊन पडलं तरच. सावलीत काळाच दिसतो बिचारा."

"म्हणजे नुसता उन्हापुरता रुबाब!"

तो मोकळेपणानं हसला. मालविकाला ते हसू आवडलं. तसं कबूल करायला तिला पुढे बरेच दिवस लागले, ही गोष्ट वेगळी.

"यल्ला बेटी, जल्दी बोलो, लाल दूँ या सफ़ेद?" रहमानभाईंनी विचारलं. तिनं दोन्ही लड्या घेतल्या.

तो निघाला सदानंद परुळेकर, दादाच्याच ऑफिसातला ड्राफ्ट्समन. मूळचा कुडाळचा, राहायला फरीज बिन ओमरानमध्ये, आणखी तिघा सड्याफटिंगांबरोबर. पुढच्याच शुक्रवारी तो अल नस्रच्या त्यांच्या फ्लॅटवर हजर झाला. हातात मादीचं चित्र होतं, पीस न् पीस रेखलेलं, नराशेजारी ठेवायच्या मापाचं.

"सुटीच्या दिवशी ड्रॉइंग?" राजाभाऊ, म्हणजे तिचा दादा, म्हणाला. "ऑफिसात सांगितलं तर तोंड वाकडं करतोस!"

मग शुक्रवार त्याचाच झाला. पोहे व्हायचे, बाळाला खेळवणं व्हायचं, आणि मालविका टाके घालत असताना तो समोर बसून नाही नाही त्या चुका काढायचा.

"चोच जरा वाकडी वाटते."

"तिनं नाक मुरडलंय. तुमच्याकडे बघून."

वहिनी, मृणालिनी तिचं नाव, स्वयंपाकघरातून सगळं ऐकायची आणि गालातल्या गालात हसायची. कुठं पाणी मुरतंय ते तिला केव्हाच कळलं होतं.

पण एक गोष्ट मालविकाला खुपत होती. ती उभी राहिली की हा पटकन बसायचा. जिन्यात एक पायरी वर थांबायचा. समुद्रकाठी कॉर्निशवर सगळे फिरायला गेले, तर हा आपला कठड्यालगतच्या उंचवट्यावरून तोल सांभाळत चालला! मालविका उंच होती, त्याच्याहून चांगली दोन बोटं. नवरीपेक्षा नवरा चार बोटं उंच हवा, या हिशोबापायी तिची तीन स्थळं परत गेली होती. त्यामुळे त्याच्या पायऱ्यांचा अर्थ तिला बरोबर कळत होता. पण हे बोलायचं कसं... आणि आधी कुणी?

तेवढ्यात आईचा फोन आला. पुण्याचं स्थळ, मुलगा इंजिनीअर, सहा फुटी. "उंचीची कटकटच मिटली बघ! पुढच्या शुक्रवारी फोन करते, होकार तयार ठेव."

त्या दिवशी सदानंद समोरच बसला होता. "छान आहे की... छानच," एवढंच म्हणाला. पोहे तसेच टाकून उठला. मालविकाला त्याचा इतका राग आला की तिनं सुई बोटात टोचून घेतली.

त्याच आठवड्यात शेजारच्या जैतूनबाजींनी, त्या शाळेच्या लायब्ररीत होत्या, पक्ष्यांचं एक जाडजूड पुस्तक तिला आणून दिलं. शेपटीचे ठिपके नीट जमत नव्हते, तेवढ्यासाठी. मालविकानं ते चाळलं. एका ओळीपाशी थांबली. पुन्हा वाचली. मग सदानंदनं काढलेली मादी तिनं नराशेजारी ठेवली आणि पट्टीनं दोघांची मापं घेतली.

शुक्रवारी सकाळी तो आला. दादानंच कसलंसं काम काढून बोलावलं होतं. मालविका गच्चीत बाळाची दुपटी वाळत घालत होती. तो दाराच्या उंबऱ्यावर थांबला.

"खाली उतरा," ती म्हणाली.

"अं?"

"उंबऱ्यावरून खाली. मला काही विचारायचंय." तो उतरला. "मादी नराहून मोठी असते. पुस्तकात लिहिलंय. मग तुम्ही लहान का काढलीत?"

सदानंदनं दोरीवरच्या दुपट्याकडे पाहिलं, आकाशाकडे पाहिलं. "मापात... चूक झाली असेल."

"ड्राफ्ट्समनची?"

वाऱ्यानं एक दुपटं दोघांच्या मधे फडफडलं. तिनं ते बाजूला धरलं. आता लपायला काहीच उरलं नाही.

"ठाऊक होतं मला," तो हळूच म्हणाला. "ह्यूस्टनला डोळ्यांनी पाहिलंय. पण तुमच्यासाठी काढायला बसलो आणि... हात धजेना. शेजारी शेजारी ती दोघं तशी दिसली असती, तर तुम्ही हसला असतात. मला वाटलं, जोडी म्हणजे लोक काय बघतात..."

"लोकांचं राहू द्या. तुम्हाला काय वाटतं?"

"मला?" त्यानं पहिल्यांदाच मान वर करून, सरळ तिच्या डोळ्यांत पाहिलं. "मला तुम्ही आवडता. त्या पहिल्या दिवसापासून. पण तुमच्यासाठी सहा फुटी माणूस तयार आहे, आणि मी—"

"तो मला कुठं आवडलाय?" मालविकाचा आवाज कापला. "बघितलेलासुद्धा नाही मी त्याला. तुम्ही गप्प बसलात तर आज मला हो म्हणावं लागेल. कळतंय का काही?"

खाली फोन वाजला. वहिनीनं हाक मारली.

दोघं उतरून येईपर्यंत दादानं फोन घेतला होता. तिनं त्याच्या कानात चारच शब्द सांगितले. दादानं आधी तिच्याकडे पाहिलं, मग सदानंदकडे, आणि घसा खाकरला. "आई, ते पुण्याचं खलास. इथलाच मुलगा आहे, माझ्या ऑफिसातला. स्वभावानं सोनं... हो, आपल्यातलाच... उंची?" त्यानं रिसीव्हरवर हात ठेवला. "काय सांगू गं?"

मालविकानं रिसीव्हर ओढून घेतला. लाइन खरखरत होती.

"माझ्याहून बुटका आहे, आई."

"ऐकू येत नाहीय! मोठ्यानं बोल!"

"बुटका आहे!" ती ओरडली. बाळ जागं झालं, शेजारी जैतूनबाजींचं दार उघडलं. "माझ्याहून बुटका आहे! आणि मला तोच हवाय!"

पलीकडे नुसती खरखर. मालविकाचे डोळे भरून आले.

सदानंद पुढे आला. तिच्या शेजारी, अगदी खांद्याला खांदा लागेल असा उभा राहिला आणि त्यानं हळूच तिच्या हातातून रिसीव्हर घेतला.

"नमस्कार करतो, आई," तो म्हणाला. "मीच तो बुटका."