थिराचं एक मिनिट

थिरा ओले मोजे वाळत घालायला नाट्यगृहाच्या छतावर आली, तर तिथे एक तरुण तिपाईवरच्या लाकडी पेटीशी झटत होता.

“आलात एकदाच्या!” तो ओरडला. “ढग यायच्या आत नाचा बघू!”

“कोण… मी?”

तो व्हिगो. हलती चित्रं काढायचा. ठरलेली नर्तकी फिरकलीच नव्हती, आणि कोपनहेगनचं ऊन कुणासाठी थांबत नाही. थिरा खाली बॅलेत, शेवटच्या रांगेत नाचायची. तिथे सक्त ताकीद होती— जत्रेतल्या असल्या पेटीसमोर जी नाचेल, ती घरी बसेल.

“चेहरा नाही ना येणार?”

“नाही आला, तर नुकसान माझंच.”

ती लाजली… आणि नाचली. वाद्यं नव्हती. तो पेटीचा दांडा फिरवत गुणगुणत होता, नजर तिच्यावरून हलत नव्हती.

शनिवारी दुपारी तो नाट्यगृहाच्या मागच्या दाराशी उभा. तोंड उतरलेलं.

“चेहरा आलाय, अगदी स्वच्छ. आणि तुमचे नृत्यगुरू आज जत्रेतल्या आमच्या तंबूत चित्रं बघायला येतायत.” त्याने कोटातून पत्र्याचा डबा काढला. “एवढं एकच रीळ आहे. म्हणाल तर कालव्यात टाकतो.”

“आणि तुमचं काय?”

“तंबूचा मालक हाकलेल. मग काढीन लग्नांचे फोटो… दुसऱ्यांच्या.”

तिला हसूही येईना.

“नऊ वर्षं पुढचीच्या पाठीकडे बघत नाचले,” ती हळूच म्हणाली. “मला पुढून कुणी पाहिलंच नाही. लावा ते.”

“नोकरी जाईल!”

“लावा म्हणते ना!”

संध्याकाळी तंबूत अंधार झाला. तिसऱ्या रांगेत नृत्यगुरूंची ताठ मान दिसत होती. थिरा व्हिगोच्या यंत्राशेजारी उभी राहिली. पांढऱ्या कापडावर ती गिरकी घेत होती… आणि हसत होती, थेट समोर बघून.

“पोरगी दांडा फिरवणाऱ्यावरच भाळलीय हो!” कुणीतरी ओरडलं. तंबू हसला.

व्हिगोचा हात अडखळला. कापडावरची थिरा संथ झाली.

नृत्यगुरू उठले. वळून त्यांनी तिला पाहिलं, टोपी घातली आणि चालू लागले. थिराची नोकरी गेली होती.

एका हाताने यंत्राचा दांडा फिरवत व्हिगोने दुसऱ्याने तिची बोटं धरली.

“माझ्यामुळे झालं… आता काय करणार तुम्ही?”

“उद्या ऊन पडलं, तर नाचणार.” तिने हात सोडवला नाही. “आणि ‘तुम्ही’ काय रे? ‘तू’ म्हण.”