साहेबांचं माप

मास्तरांच्या दुकानात लष्करी गणवेश शिवले जात, आणि मोठ्या गिऱ्हाइकाला मापासाठी पुन्हा पुन्हा ताटकळत ठेवायचं नाही, ही तिथली पद्धत. लाकडी धडावर मापाबरहुकूम कापूस चढवायचा, वरून मांजरपाट शिवायचं, की झाला पुतळा तयार. पुढे गिऱ्हाइकाचं अंग सुटलं तर पुतळ्यालाही वाढीव कापूस मिळे.

कर्नलसाहेबांचा पुतळा सर्वांत जुना. साहेब नुकतं मिसरूड फुटलेले लेफ्टनंट होते, तेव्हाचा. मग बढत्या मिळाल्या, खांद्यावरच्या फिती वाढल्या आणि पोटावरचा कापूसही. सरकारी पगार अंगी लागतोय, असं मास्तर चिडवत. साहेब पोट आत ओढून हसत.

मग शहरात दंगल पेटली आणि बाजारपेठेवर तोफा डागायचा हुकूम साहेबांना आला. मास्तरांची लेक नेमकी बटणं आणायला त्याच पेठेत गेली होती. लहानपणी शिंपीकामाचा खडू खायची, म्हणून तिला सगळे खडूच म्हणत. साहेबांनी तोफांची तोंडं फिरवली आणि अंधार पडायच्या आत पलटणीसकट डोंगर गाठला. कालपर्यंत ज्यांना सलाम झडायचे, ते एका दिवसात बंडखोरांचे म्होरके झाले. खडू मात्र बटणांची पुडी घेऊन धडधाकट घरी आली. ती पुडी उराशी धरून मास्तर ढसाढसा रडले.

पुतळ्यावर चादर घालून त्यांनी तो मागच्या खोलीत ठेवला. हिवाळ्यात खडूने चादर झटकली, तर कमरेचं कापड लोंबत होतं. उंदरांचं काम असेल, असं मास्तर म्हणाले. पण शिवण शाबूत होती आणि जमिनीवर कापसाचा कणही नव्हता. काही दिवसांनी पुतळ्याचा उजवा खांदा खाली उतरला.

मास्तरांनी फार डोकं खाजवलं नाही. त्या नव्या मापाचा जाडजूड कोट शिवला आणि डोंगराकडून येणाऱ्या दूधवाल्याच्या हाती गुपचूप पाठवून दिला. दूधवाल्याने निरोप आणला, की कोट अंगासरसा बसला. घोड्यावरून पडून खांदा निखळल्याचं तुम्हाला सांगितलं कोणी, असं साहेब विचारत होते. साहेबांच्या उपयोगी पडता आलं, या आनंदात मास्तर दिवसभर गुणगुणत राहिले.

एका दुपारी खडूने त्यांना मागच्या खोलीतून हाक मारली. पुतळ्याच्या डाव्या छातीवर खड्डा पडला होता आणि बघता बघता खोल होत होता.

दुकानातला कापूस संपलेला. संचारबंदीमुळे बाजार बंद. मास्तरांनी खुंटीवरचा स्वतःचा कोट काढला, डाव्या बाजूचं अस्तर उसवलं आणि भरणीचा कापूस उपसायला सुरुवात केली.

"अप्पा, नका ना करू. मला भीती वाटते."

"त्या दिवशी तू घरी आलीस, खडू. मी कसं विसरू?"

त्यांनी खड्ड्यात कापूस दाबून भरला. मांजरपाट कोमट लागत होतं. काळ्या दोऱ्याने त्यांनी वरून बारीक टाके घातले.

दूधवाला पुढच्या खेपेला आला तेव्हा त्याचा आवाज दबलेला होता. साहेबांच्या छातीत गोळी घुसली होती, डॉक्टरने हात टेकले होते. पण साहेब वाचले. आता उठून बसतात.

"टाके कुणी घातले, म्हणून डॉक्टर सगळ्यांना विचारत सुटलाय," तो म्हणाला. "काळा दोरा आहे म्हणे."

मास्तरांनी डोळे मिटून हात जोडले. मग थंडी वाजतेय म्हणून त्यांनी उसवलेला कोट अंगात चढवला.

कर्फ्यू उठून कापूस आला होता. खडूने कोट मास्तरांच्या अंगावरच ठेवून, जेवढा काढला होता तेवढा कापूस अस्तरात भरला. कापड आत गेलं. तिने आणखी भरला. तोही आत गेला.

तिने त्यांच्या डाव्या छातीवरून तळहात फिरवला आणि चटकन मागे घेतला.

"घाल अजून," मास्तर समाधानाने म्हणाले. "जागा आहे."