जुन्या गाण्यांचं स्टेशन

कुसुम, चहा राहू दे, आधी बस. मी शाळेत भूगोल शिकवते, भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नाही. तू राजपुऱ्यात आमच्या शेजारी राहायला येऊन जेमतेम महिना झाला, तरी सांगायला मला तूच सापडलीस, कारण तुझ्याकडे रेडिओ नाही.

आमच्या ह्यांनी दिवाळीत रेडिओ घेतला. गच्चीवर दोन बांबू रोवून तार ताणली, आणि ताणताना पलीकडच्यांचे वाळत घातलेले पापड तुडवले म्हणून भांडणही झालं. सुरुवातीला गल्लीला आमचं घर पुरेना. मग कोकिळाताईंना, म्हणजे माझ्या नणंदेला, सिलोनच्या जरा अलीकडे एक स्टेशन सापडलं. तिथे फक्त चाळीस ते एकोणपन्नास सालातली गाणी. नवीन एक लागेल तर शपथ! मी म्हटलं, असेल कुणी हौशी, जुन्याची आवड असणारे असतातच की. माझं लग्न शेहेचाळीसचं. पहिल्या दिवशी ती गाणी ऐकून मला रडूच आलं, इतकं बरं वाटलं.

निवेदक एकच, मऊ आवाजाचा. स्टेशनचं नाव सांगत नाही. बुऱ्हाणपूरला अजून 'मध्यप्रांत' म्हणतो. अगं, नागपूर सुटून भोपाळ राजधानी झालं, माझ्या वर्गातला नकाशा बदलला, आणि ह्या बाबाला पत्ताच नाही! मी ह्यांना म्हटलं, "झोपला होता की काय हा?" हे खूप हसले. तेव्हा हसायचे.

आमच्या वंदनाला मात्र ती गाणी मुळीच आवडायची नाहीत. पन्नास सालची पोर, तिला नवं हवं. ती बटण फिरवायची आणि सासूबाई ओरडायच्या, "राहू दे ना वं, काय खुटुरखुटुर लावलं!"

आपल्या गल्लीतली एक रीत तुला ठाऊक नसेल. फर्माइशीत कुणाच्या घरची नावं आली, की ज्याचं नाव त्यानं मोठ्यानं "हो" म्हणायचं. वर्गात हजेरी देतात तसं. पोरखेळच, पण म्हातारेसुद्धा करतात. तर एका दुपारी तो निवेदक म्हणाला, "बुऱ्हाणपूर, राजपुरा. मोतीलाल, मथुराबाई, दत्तात्रय, कोकिळा आणि लीला." आमच्यातल्या कुणी फर्माइश धाडलीच नव्हती. त्या स्टेशनचा पत्ता कुणाला माहीत! पण रेडिओवर आपलं नाव आलं म्हटल्यावर विचार कोण करतं? सगळे "हो, हो" करून ओरडलो. मोतीलाल म्हणजे माझे सासरे. ते जाऊन किती वर्षं झाली. त्यांच्या नावाला सासूबाईंनीच "हो" म्हटलं आणि डोळ्याला पदर लावला.

वंदना म्हणाली, "आई, मेरा नाम तो आयाच नहीं." शाळेत हिंदीची पुस्तकं आल्यापासून तिचं असंच चालतं. मी म्हटलं, येईल गं उद्या.

त्या संध्याकाळी सासूबाईंनी सगळ्यांची ताटं घेतली, वंदनाचं घेतलं नाही. मी म्हटलं, वय झालं, विसरल्या. मग कोकिळाताईंनी तिचा चांगला नवा फ्रॉक बोहारणीला देऊन टाकला. वर मलाच विचारतात, "वहिनी, कोणाच्या पोरीचा राहिला होता हो आपल्याकडे?" मी भांड भांड भांडले. त्या नुसत्या बघत राहिल्या. खोटं बोलणारं माणूस असं बघत नाही गं.

परवा फोपनारचे निंबाभाऊ आले, ह्यांचे जुने मित्र, केळीचा घड घेऊन. मी आत पोहे करत होते. त्यांनी विचारलं, "काय मग, लेकरंबाळं?"

हे म्हणाले, "अजून नाही. देवाच्या मनात येईल तेव्हा."

वंदना ह्यांच्या मांडीला टेकून उभी होती.

मी कढई तशीच टाकली, गच्चीवर गेले आणि तार तोडली. हा बघ हात, जखम अजून भरली नाही. खाली येऊन बटणही बंद केलं. रेडिओ गप्प झाला. पण गाण्याचं पुढचं कडवं सासूबाईंनी उचललं. मग कोकिळाताईंनी. मग ह्यांनी, पाहुण्यासमोर.

आणि थोड्या वेळानं माझ्या लक्षात आलं, मीही गुणगुणतेय.

कुसुम, त्या दुपारी मीसुद्धा "हो" म्हटलं होतं.

आज सकाळी शाळेला निघताना तिनं मला हाक मारली, आणि तिचं नाव माझ्या तोंडात येईना. क्षणभरच. नऊ महिने पोटात वागवलेली पोर! मला भीती वाटते गं, फार भीती वाटते.

म्हणून आले. तिला तुझ्याकडे ठेवून घे. शाळा सुटली की थेट कुसुममावशीकडे जा, असं बजावलंय तिला. तुझं नाव कुणी पुकारलेलं नाही. तू तिला रोज नावानं हाक मार, एवढंच कर. मला वेडी म्हण, गल्लीभर सांग, पण तिला ठेव.

थांब. आमच्याकडे लावला वाटतं. भिंतीतून येतंय ना?

नाही? असं कसं? इतकं स्वच्छ येतंय.

काय आवाज आहे बाईचा! अगदी ऐकत राहावं.

हां, काय सांगत होते मी? साखर मागायला आले होते का?

अगं, दारात कोण आलंय बघ. ये बाळ, ये आत. केवढं ते दप्तर! लाल फितीची फुलं मात्र काय सुरेख बांधलीयत हिच्या आईनं.

कुसुम, तुझी भाची का गं ही?

मग मला का आई म्हणतेय?