अकराव्या नावानंतर

"हळू म्हणा, कुहेलिन. बाहेर दालनात आवाज जाता कामा नये."

बाईसाहेबांचं ते वाक्य अजून माझ्या कानात आहे. त्यानंतर जे घडलं ते मी जसंच्या तसं सांगते.

रोज पहाटे स्तोत्रं म्हटल्याशिवाय मी पाण्याचा घोट घेत नाही. बुधवार-शुक्रवार कोरड्या भाकरीवर काढते. संत मेलांगेलची शपथ, या तोंडातून खोटं निघायचं नाही.

आणि हे घडलं तेव्हा रात्रही नव्हती. मेणबत्त्यांच्या सणाचा आदला दिवस. दुपार. तानत नदीच्या खोऱ्यातला आमच्या धन्यांचा दरबार. बाहेर बर्फ, त्यावर लख्ख ऊन.

मी गेनेरिस, धन्यांच्या राणीची, म्हणजे बाईसाहेबांची दासी. माझे यजमान कुहेलिन, दरबारचे कवी. लढाईआधी फौजेपुढे उभं राहून गायचं आणि लढाईनंतर पडलेल्यांचं गायचं, हे त्यांचं काम.

त्याआधीच्या शरदात शत्रू थेट दारात आला. धनी पडले. त्यांच्यासोबतचे अकरा जण पडले.

बारावा आमचा इदनर्थ. एकोणीस वर्षांचा. एकुलता एक. तो सापडलाच नाही.

ह्यांनी शोकगीत रचलं. धन्यांच्या नावानंतर साथीदारांची नावं, प्रत्येकाला एक ओळ.

नावं अकराच.

आमच्याकडे शोकगीतात ज्याचं नाव, तो वीर. पिढ्यान्‌पिढ्या ते नाव गायलं जातं. ज्याचं नाव गाळलं, तो पळपुटा. त्याच्यासाठी कोणी दिवा लावत नाही, देवळात कोणी त्याचं नाव घेत नाही. जणू तो जन्मलाच नव्हता.

"अहो, आपलाच ना तो?" मी विचारलं होतं.

"मी डोळ्यांनी पाहिलं, गेनेरिस. धनी पडले आणि यानं पाठ फिरवली. ओढ्याकडे धावत सुटला."

"एक ओळ. एकच ओळ घाला."

"एक खोटी ओळ घातली की बाकीच्या अकराही खोट्या होतात. त्यांच्या आयांना काय सांगू?"

मी गप्प बसले. गप्प बसण्यात मी पुण्य मानत आले होते...

तर ती दुपार. बाईसाहेब आजारी होत्या, दालनात यायची ताकद नव्हती. त्यांनी शोकगीत आपल्या खोलीतच ऐकायला मागितलं. राणीच्या खोलीत कवीनं दबल्या आवाजात गायचं, हा दरबारचा कायदाच आहे.

पेरवेर, बाईसाहेबांची म्हातारी दाई, लोकर कातायची चाती फिरवत कोपऱ्यात बसली होती.

"कवीबुवांना हळू सांगताय होय?" ती म्हणाली. "हे कुजबुजले तरी पलीकडच्या दरीतली मेंढरं उठून बसतात."

बाईसाहेब हसल्या. धनी गेल्यापासून पहिल्यांदा.

ह्यांनी वीणेसारखं ते आपलं वाद्य मांडीवर घेतलं. धन्यांनी दिलेलं. गाणं सुरू झालं.

नावामागून नाव. मी दाराच्या पडद्यापाशी उभी. मनात मोजत होते. आठ... नऊ... दहा...

अकरावं नाव झालं.

आणि आवाज गेला.

ह्यांची बोटं तारांवर चालत होती. ओठ हलत होते. आवाज नाही.

चुलाण्यात लाकूड पेटलेलं होतं. तडतड नाही.

पेरवेरच्या हातून चाती सुटली. फरशीवर पडली, घरंगळत गेली.

आवाज नाही...

एक ओळ म्हणायला जेवढा वेळ लागतो, तेवढाच. मग पुढच्या ओळीच्या मध्यावर ह्यांचा सूर एकदम परत आला. हे दचकून थांबले.

"मला ऐकू येईनासं झालं होतं?"

"आम्हालाही," बाईसाहेब म्हणाल्या. त्यांचा चेहरा उतरला होता. "पुन्हा म्हणा."

"बाईसाहेब, नको..."

"म्हणा."

पुन्हा गाणं. पुन्हा अकरावं नाव.

पुन्हा ती शांतता.

पण या वेळी त्या शांततेत काहीतरी होतं...

श्वास.

पडद्यामागे, माझ्या पाठीशी. लांबून धावत आलेल्या माणसाचा श्वास. आणि प्रत्येक श्वासाच्या शेवटी बारीक शीळ.

इदनर्थ पाच वर्षांचा असताना छातीच्या दुखण्यातून उठला, तेव्हापासून ती शीळ त्याच्या श्वासात होती. अंधारातही त्या शिळेवरून मी त्याला ओळखायचे.

मी पडदा ओढला.

कोणी नव्हतं. उघडं दार. बाहेर उन्हात चमकणारा बर्फ. त्यावर एकही पाऊल नाही...

"हा श्वास..." मागून बाईसाहेब म्हणाल्या. "हा मी ऐकलाय."

ह्यांनी मान वर केली.

"लढाईच्या दिवशी माझ्या लेकीला कडेवर घेऊन मी ओढा उतरले. मागून पाच जण आमच्यावर धावले. एवढ्यात कोणीतरी धावत येऊन त्यांच्या आणि माझ्या मध्ये उभं राहिलं. धुरात तोंड दिसलं नाही. फक्त हा श्वास. आणि म्हणाला, 'बाईसाहेब, मागे बघू नका. चालत राहा.' मी बघितलं नाही. त्याच रात्री ओढ्याला पूर आला, तिथे पडलेला वाहूनच गेला असेल."

"आधी का नाही बोललात?" हे कसेबसे म्हणाले.

"मला वाटलं, तुमच्या गाण्यातल्या अकरांपैकीच कोणी असेल."

माझे यजमान रडले नाहीत. त्यांनी तारांवर हात सपाट ठेवला आणि बसून राहिले.

त्याच संध्याकाळी त्यांनी बारावी ओळ रचली. अंथरुणावर पडल्या पडल्या मला म्हणून दाखवली. स्वच्छ, स्पष्ट. त्यांनी जन्मभर रचलेल्या सगळ्या ओळींहून चांगली.

पण दालनात, सगळ्यांसमोर, अकराव्या नावानंतर ती ओळ म्हणायला गेले की...

आवाज नाही.

चार वेळा उभे राहिले. चार वेळा तेच. शेवटी लोक ताटावरून उठून जाऊ लागले. दुसऱ्या कवीनं म्हणून पाहिलं, त्याचंही तेच झालं.

ईस्टरच्या आठवड्यात हे गेले. जाताना माझा हात धरला.

"तो माझ्याकडून ती ओळ घेत नाही गं. तू म्हण. जिथे तो पडला तिथे जाऊन म्हण."

"बायका शोकगीत म्हणत नाहीत."

"आई म्हणून म्हण."

मी शब्द दिला.

तो माझ्यावरही रागावला होता का, मलाही माफ करायचं राहिलंय का, मला ठाऊक नाही. ह्यांनी ओळ गाळली, पण गप्प तर मीही बसले होते. माझ्या तोंडून तरी आवाज निघेल का? हे कोणाला विचारू?

आज पहाटेची स्तोत्रं झाली. बाईसाहेब झोपल्या होत्या. पेरवेर राख काढत होती.

"एवढ्या सकाळी कुठे?"

"आलेच."

तिनं माझ्याकडे पाहिलं. स्वतःची लोकरीची शाल काढून माझ्या खांद्यावर टाकली.

मी दार हळूच ओढून घेतलं, आणि ओढ्याच्या वाटेला लागले.