हौदावरच्या झिणी

पाचवी शेळीही हौदापाशी आली, तिने पाण्याला तोंड लावलं आणि दचकून मागे उडी मारली.

"बघ," रेणुका म्हणाली. "तीन दिस झाले. सकाळी पितेत, दुपारी एक पण पीत न्हाई."

अर्पिताने हौदात उतरलेल्या लोखंडी पाइपाला बोटाचं टोक लावलं. बारीक मुंग्या थेट कोपरापर्यंत चढल्या. तिने झटकन हात मागे घेतला. खरं तर तिला भीती वाटायला हवी होती, पण झाला आनंद.

अर्पिता जालन्याची, सातवीतली. दिवाळीच्या सुट्टीत ती हसनाबादजवळ भुजंगमामांच्या मळ्यात राहायला आली होती. मामांची मोसंबीची बाग गावापासून लांब. आजूबाजूला तिच्या वयाचं कोणी नाही. शेळ्यांना पाणी पाजायला येणारी रेणुका तेवढी भेटायची, पण ती कामात असायची आणि बोलायची कमी. दिवस संपता संपत नसे.

जूनपर्यंत असं नव्हतं. तेव्हा अर्पिताला शीतल होती. दोघींनी मिळून एक अख्खं विश्व रचलं होतं, तेजांगण नावाचं. तिथे कोणी एखादी जागा कायमची सोडून गेलं, की त्याची थोडी ऊब मागे उरायची. त्या उबेच्या व्हायच्या झिणी. त्या दिसत नसत. जनावरांना आधी कळत, आणि माणसाच्या बोटांना मुंग्या येत. मग शीतलच्या वडिलांची बदली झाली. सुरुवातीला रोज येणारे तिचे मेसेज आठवड्यावर गेले आणि पुढे थांबलेच. आता तेजांगणात अर्पिता एकटीच उरली होती.

म्हणून त्या मुंग्या तिला सोबतीसारख्या वाटल्या. तिने मामांना विचारलं. ते म्हणाले की ती जागाच तशी आहे, मागं तिथं एक बैल मेला होता, तिकडं फिरकू नये. विषय तिथेच संपला.

अर्पिताने मात्र वहीत वेळा लिहून ठेवायला सुरुवात केली. रेणुका शेळ्यांकडे बघून सांगे, अर्पिता टिपून घेई. तिसऱ्या दिवशी तिने ते आकडे ओळीने वाचले. या आठवड्यात शेतीची लाईट सकाळी साडेनऊला येत होती आणि साडेपाचला जात होती. शेळ्याही बरोबर साडेनऊनंतरच बिथरत होत्या.

झिणींचे नियम तिने स्वतः लिहिले होते. त्या घड्याळ बघून येत नसत.

"रेणुका, या झिणी नाहीत," ती हळूच म्हणाली. "हा करंट आहे."

झिणी म्हणजे काय, हे रेणुकाला ठाऊक नव्हतं. करंट मात्र चांगलाच ठाऊक होता. तिने पाइपाच्या कडेकडेने विहिरीकडे जाणारी वायर दाखवली. एका ठिकाणी ती पाइपाला घासली होती, आणि सोललेल्या भागावर चिंधी गुंडाळलेली होती.

मामा भोकरदनला गेले होते. दोघी मामीला सांगायला वळल्या आणि जागीच थिजल्या. दिवाळी तोंडावर म्हणून दैवशालामामी शेवाळ घासायला अनवाणी हौदात उतरली होती. पाणी तिच्या गुडघ्यापर्यंत होतं. साडेनऊला मिनिटभरच कमी होतं, आणि मोटरला ऑटो बसवलेला. लाईट आली की मोटर आपोआप सुरू होणार होती.

"मामी, बाहेर या! पाण्यात करंट येतो!" अर्पिता ओरडली.

मामी हसली. पोरींना भुताचं वेड लागलंय, म्हणाली आणि घासत राहिली. अर्पिता मोटरच्या खोलीकडे धावत सुटली. रेणुका क्षणभर थांबली. मग शांतपणे म्हणाली, "काकू, तुमची गाय मोसंबीत घुसली. दोन झाडं खाल्ली बी."

मामी पाण्यातून अशी बाहेर आली की तिचा ब्रश हौदातच राहिला. ती बांधावर पोचते न पोचते तोच खोलीतला लाल दिवा लागला आणि मोटर घुमू लागली. अर्पिताने कोपऱ्यातली वाळकी काठी उचलली, डोळे मिटले आणि मेन स्विचचा दांडा खाली ओढला. सगळं गप्प झालं.

दुपारी मामा गोरक्षनाथ नावाच्या वायरमनला घेऊन आले. त्याने सगळ्यांना लांब उभं केलं, मेन लावला आणि पाइपाला टेस्टर टेकवला. टेस्टर लालभडक पेटला. अर्थिंगची तार तर केव्हाच तुटली होती. शेळ्या शहाण्या म्हणून वाचल्या, असं तो म्हणाला.

"ती चिंधी मीच बांधल्ती," मामा म्हणाले. "म्हणलं, चालून राह्यलंय ना, मंग कशाला खर्चा. पोरींनो, आज तुमच्यामुळं माझं घर वाचलं."

मामीने दोघींना जवळ घेतलं. वायरमननेही पाठ थोपटली आणि गावात सगळ्यांना सांगेन म्हणाला. संध्याकाळपर्यंत नवी वायर बसली.

सगळ्यांना हायसं वाटलं. अर्पिता मात्र बांधावर जाऊन एकटीच बसली. रेणुका शेळ्या घेऊन तिथे आली आणि तिने विचारलं, "एवढं चांगलं झालं, अन् तू रुसून का बसलीस?"

अर्पिताने मग तिला सगळं सांगितलं, शीतलचं, तेजांगणाचं, झिणींचं. "इतके दिवस वाटत होतं, तिथं माझ्यासोबत कोणीतरी आहे," ती म्हणाली. "पण कोणीच नव्हतं."

रेणुकाने थोडा विचार केला.

"मी होते की तिथं," ती म्हणाली. "रोज."

शेळ्या पुढे निघाल्या होत्या. अर्पिता कपडे झटकत उठली आणि रेणुकाच्या बरोबरीने चालू लागली.